गज चार बोटं वर

सातही बंदुकांत गज चार बोटं तरी वर राहिला. मी कागदावर 'भरलेल्या' असं लिहिलं, आणि त्या एका शब्दावर साहेबांनी लिंबाजीला कोठडीत बसवलं.

गज म्हणजे बंदुकीबरोबर येणारी लांब सळई. जुन्या ठासणीच्या बंदुकीत मागून काडतूस घालायची सोय नसते. सगळं पुढून, नळीच्या तोंडातून. आधी दारू, मग चिंधी, मग छर्रे, वर पुन्हा चिंधी, आणि हे सगळं गजाने ठासून बसवायचं. मागे बुडाशी एक बारीक भोक असतं. त्यावर तांब्याची टोपी बसवतात. घोडा टोपीवर आपटला की ठिणगी भोकातून आत जाते आणि बार उडतो. नळी रिकामी असेल तर गज पार तळाला टेकतो. वर राहिला तर आत काहीतरी आहे. इतकी साधी परीक्षा. कोणालाही जमेल, पण सरकार त्यासाठी मला पगार देत होतं.

मी पोलिसातला आर्मोरर, म्हणजे हत्यारांचा मिस्त्री. मूळचा पुण्याकडचा. निजामी संपून वर्ष झालं होतं, आणि आमच्यासारख्या बाहेरच्या बऱ्याच लोकांना मराठवाड्यात पाठवलं होतं. जिंतूरच्या बाहेर एका बंद पडलेल्या जिनिंगच्या शेडमध्ये आमचा शस्त्र जमा करण्याचा कॅम्प होता. शेडमध्ये अजून सरकीचा वास येई. कापसाच्या जागी आम्ही बंदुका रचत होतो. गावोगाव त्या राहिल्या होत्या. काही शिकारीच्या, काही आजा-पणज्याच्या, काही रझाकारांच्या धामधुमीत कुठून कुठून आलेल्या. मुदतीच्या आत आपण होऊन आणून देईल त्याला कोणी काही विचारणार नव्हतं. मेंढरं, शेत राखायला ज्यांना बंदूक लागते, त्यांनी पुढे लायसनसाठी अर्ज करायचा. कॅम्पच्या साहेबांनी दवंडी पिटून तसा शब्द दिला होता.

अट एकच होती. बंदूक रिकामी करून आणायची आणि 'रिकामी आहे' या कागदावर अंगठा द्यायचा. अंगठा दिला आणि बंदूक भरलेली निघाली, तर केस. आणि ज्या गावावर केस, त्या गावाला लायसन कधीच नाही. ही अट उगाच घातलेली नव्हती. महिनाभरापूर्वी आमच्याच शेडमध्ये एका 'रिकाम्या' बंदुकीने एका शिपायाची दोन बोटं नेली होती. ती बंदूक मीच हातात घेणार होतो. त्या वेळी तंबाखू मळत होतो म्हणून वाचलो.

लिंबाजी आला तो दुपारी. वरच्या डोंगरातल्या एका धनगरवाडीचा. साठीचा असेल. गाढवावर घोंगडीत गुंडाळलेल्या सात बंदुका होत्या. सगळ्या वाडीच्या मिळून सात, आणि त्या पोचवायची जबाबदारी वाडीने याच्यावर टाकलेली. एवढा लांबचा रस्ता तो एकटाच चालत आला होता. पायांवर धूळ गुडघ्यापर्यंत.

"मिस्त्रीसायेब, एक सांगायचं ऱ्हायलंय," तो म्हणाला.

माझ्यापुढे त्या दिवशी आणखी तीन गावं बसली होती. मी म्हटलं, "आधी अंगठा, मग गप्पा."

आमचे मुन्शीजी जुन्या राजवटीतले कारकून. अक्षर मोत्यासारखं, पण वाचायचे ते आगगाडी सुटल्यासारखं. त्यांनी कागद धाडधाड वाचला, शाई पुढे केली, लिंबाजीने अंगठा उठवला. मग मी पहिल्या बंदुकीत गज सोडला. गज चार बोटं वर. दुसरीत चार बोटं वर. तिसरी, चौथी. सातवीपर्यंत तेच, फक्त सातवीत जरा जास्तच वर.

"मिस्त्रीजी, ये क्या है? सब के सब?" मुन्शीजी म्हणाले.

लिंबाजी गजाकडे बघतच राहिला. "आसं कसं हुईल? म्या सोता बगून घेतल्या व्हत्या," असं एकदाच पुटपुटला आणि त्यानंतर त्याने तोंड मिटलं ते मिटलंच.

साहेब मद्रासकडचे. त्यांचं इंग्रजी मला अर्धं कळे आणि माझं हिंदुस्थानी त्यांना पाव. इथे त्यांचं बोलणं मी मराठीतच सांगतो. ते आले, गज पाहिले, कागदावरचा अंगठा पाहिला.

"एक भरलेली असती तर चूक म्हटलं असतं," ते म्हणाले. "सातच्या सात, आणि सगळ्यांत सारखाच बार. ठरवून केलंय हे. उद्या दुपारी ट्रक परभणीला जाईल. हा माणूस आणि बंदुका, दोन्ही त्यात."

"आधी बार काढून बघतो, साहेब."

"काढायचे तर आहेतच. पण तू तुझ्या कागदावर काय लिहिलंस?"

"भरलेल्या."

"मग झालं तर."

एका खोलीला कुलूप लावून तिला आम्ही कोठडी म्हणायचो. लिंबाजीला तिथे बसवलं. मी पाणी घेऊन गेलो तेव्हा त्याने पहिल्यांदा आपल्या मेंढरांचा विषय काढला. लांडगे डोंगर उतरून मेंढरांच्या वाड्यापर्यंत येऊ लागले होते. लायसन मिळालं नाही तर त्या वाडीने मेंढरं कशी राखायची, हे त्याने मला विचारलं. बंदुकांत काय घातलंय, हे मी विचारलं तर तो म्हणाला, "आता म्या काय बी सांगितलं तरी खोटंच वाटंल."

खरं सांगायचं तर तेव्हा मला त्याचा रागच आला होता. शिपायाची दोन बोटं माझ्या डोळ्यांसमोर होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कामाला लागलो. भरलेला बार काढायची रीत अशी: नळीत कोमट पाणी ओतायचं आणि बंदूक भिंतीला टेकवून ठेवायची. पाणी हळूहळू झिरपत दारूपर्यंत जातं आणि दारू मेली की मागच्या भोकातून काळं पाणी ठिबकू लागतं. शाईसारखं काळं, कुजक्या अंड्याच्या वासाचं. मग गजाच्या टोकाला वळणदार स्क्रू लावायचा, चिंधीत रुतवायचा आणि सगळं बाहेर ओढायचं. कोरड्या दारूत लोखंडी स्क्रू फिरवायचा नाही. या धंद्यातली ही पहिली शिकवण, आणि बोटं जातात ती बहुधा ही विसरणाऱ्यांची.

किटलीतलं पाणी सहा बंदुकांना पुरलं. सातवी तशीच राहिली. भोकांखाली मी ताटल्या ठेवल्या आणि बिडी ओढायला बाहेर गेलो.

परत आलो तर मुन्शीजी ताटल्यांपुढे उकिडवे बसलेले.

"मिस्त्रीजी, दारू पीली कबसे होने लगी?"

पाणी पिवळं होतं. सहाही ताटल्यांत. मी बोट बुडवून वास घेतला. गंधकाचा मागमूस नाही. हळदीचा वास. लग्नघरात येतो तसा.

मी पहिल्या बंदुकीत स्क्रू घातला. चिंधी वर आली, पण ती धोतराची फाटकी चिंधी नव्हती. हिरव्या खणाची पट्टी होती, काठासकट, कोरी करकरीत. बंदूक ठासायला नवा खण फाडणारा माणूस मी तोवर पाहिला नव्हता. खणाच्या मागे हळकुंडाचा तुकडा, खोबऱ्याचा काप, आणि मग ज्वारी. ती सहजासहजी येईना. माझ्या कोमट पाण्याने फुगून टच्च बसली होती. मी सरकारी खर्चाने सहा बंदुकांत घुगऱ्या शिजवल्या होत्या. एकेक दाणा टोकरून काढताना मी मनातल्या मनात बऱ्याच जणांना शिव्या घातल्या, त्यांत मीही होतो.

दारूचा एक कण नाही, एक छर्रा नाही. सहाही बंदुकांची तीच गत.

"जवार है बस," मुन्शीजी म्हणाले. "ये आदमी बेगुनाह है."

सातवी राहिली होती. हिच्या दस्त्यावर पितळेची पट्टी होती. आता हीतही ज्वारीच असणार, असं मी धरूनच चाललो. किटली पुन्हा चुलीवर ठेवायचा कंटाळा आला होता, ट्रकची वेळ होत आली होती. मी कोरड्या नळीत स्क्रू घातला.

"सातवी को पानी नहीं दिया, मिस्त्रीजी," मुन्शीजी म्हणाले. आवाज अगदी साधा. चहात साखर राहिली म्हणावं तसा.

मी थांबलो. स्क्रू बाहेर काढला. पाणी तापवलं, ओतलं. बराच वेळ काही नाही. मग ताटलीत थेंब पडू लागले. काळे.

मी खाली बसलो. वर खण, खोबरं, ज्वारी सगळं होतं, आणि त्याच्या खाली दारू आणि छर्ऱ्यांचा पुरा बार.

एवढ्यात बाहेर एक म्हातारी आली. डोक्यावर भाकरीचं गाठोडं. लिंबाजीची बायको, भागाबाई. नवरा रात्रीपर्यंत परत आला नाही म्हणून पहाटेच निघाली होती. शिपाई तिला हाकलत होता. मी आत बोलावलं. शेडमध्ये पाय टाकताच तिची नजर फरशीवर गेली. तिथे हिरव्या खणाच्या पट्ट्या आणि फुगलेली ज्वारी पसरलेली.

"हे कामून काढलंव, बाबा?" ती म्हणाली. "ओटी काडत न्हाईत."

मी ओटी भरणं लहानपणापासून पाहत आलो होतो. सासरी निघालेल्या मुलीच्या पदरात धान्य, खण, खोबरं, हळकुंड घालतात. रिकाम्या ओटीने तिला उंबरा ओलांडू देत नाहीत. पण बंदुकीची ओटी हे मला नवीन होतं.

"मावशी, तुम्ही बंदुकीची ओटी भरलीत?"

"मंग? मव्ह्या सासूच्या येळंपासून घरात हाय ती. दसऱ्याला हळदकुकू लावतो. पोरीवानी वागवली. आता घर सोडून जायलीय, तर काय रित्या ओटीनं धाडू? वाडीतल्या समद्या बायांनी भरली. गडीमानसं न्याहारीला बसली व्हती तवा. तेन्ला काय इचारायचं त्यात?"

"खण कोंबलात तो?"

"दानं सांडू नयेत म्हून. गजानं दाबून बसिवला." मग जरा थांबून म्हणाली, "ओटी भरून धाडली की लेक माघारी येती, बाबा. म्हून भरली."

मी तिला पितळी पट्टीची बंदूक दाखवली. ही तुमचीच ना? हीत दारू होती हे माहीत होतं का?

तिला काही कळेना. मग मी सांगितलं. बार भरलेल्या नळीत वरून असं काही गच्च ठासलं, आणि ती बंदूक उडवली, तर बाराला वाट मिळत नाही. नळीच फुटते. उडवणाऱ्याच्या तोंडाशी.

तिचा हात तोंडावर गेला. ती तिथेच ज्वारीत बसली. मी हे तिला सांगायला नको होतं, असं मला तेव्हा वाटलं आणि आजही वाटतं. पण मी मिस्त्री. विचारलं तेवढं सांगायची सवय.

कोठडी उघडून लिंबाजीला आणलं. साहेबही आले. ट्रक बाहेर उभा होता. मी सहा बंदुकांचा खुलासा केला. साहेबांनी खणाची एक पट्टी बोटात धरून उलटसुलट पाहिली.

"ठीक. सहा सुटल्या," ते म्हणाले. "सातवी?"

मी लिंबाजीला विचारलं, "मामा, आता तरी बोला. काल तुम्हाला काय सांगायचं होतं?"

"हेच सांगायचं व्हतं की. एक भरलेली हाय, खाली करून घ्या म्हून," लिंबाजी म्हणाला. "सात बंदुका गाढवावर घालून एकटा मानूस रानातून जायलाय. कुनी आडवा आला तर? सातच्या सात घिऊन जाईल, आन सरकार म्हनंल लिंबाजीनं इकल्या. म्हून म्हवी एक रातच्यालाच भरून ठिवली. हितं गावाजवळ आल्यावर उडवून खाली करावी म्हनलं, तर आवाज आयकून तुमचे शिपाई धावले आस्ते. टोपी काडून टाकली आन तशीच आनली. सांगाया गेलो तर तुमी म्हनलाव आदी अंगठा. मंग समद्याच भरलेल्या निगाल्या. येक कबूल केली आस्ती तर बाकीच्या सायेबांनी रिकाम्या म्हनल्या आस्त्या का?"

मी हे सगळं साहेबांना सांगितलं. 'आधी अंगठा' हेही सांगितलं. ते गाळावं असं क्षणभर वाटलं होतं.

साहेब म्हणाले, "त्याने सोबतीला शिपायांचा एस्कॉर्ट मागायला हवा होता."

"कोणाकडे, साहेब?"

"आपल्याकडे."

"आपल्या हुकमात तसं लिहिलेलं नाही. गावाने आपल्या जबाबदारीवर बंदुका आणून द्याव्यात, एवढंच आहे."

साहेबांनी हुकूम मागवला. मुन्शीजींनी फाइल आणली. खाली सही साहेबांचीच होती. त्यांनी तो दोनदा वाचला. बाहेर ड्रायव्हरने भोंगा वाजवला, तर त्यांनी मान वर न करता हाताने थांब म्हणून खूण केली.

"म्हणजे हा माणूस माझा माल राखत आला," ते म्हणाले.

"आणि वाटेत कोणी आडवा आला असता, तर राखताना नळी फुटून मेला असता."

त्यांनी माझा कागद मागितला. त्यात दोनच रकाने होते, रिकामी आणि भरलेली. साहेबांनी पट्टी ठेवून तिसरा रकाना आखला. सहा बंदुकांपुढे लिहिलं, 'धान्य'. सातवीपुढे, 'सरकारी माल आणताना राखणीसाठी भरलेली. केस नाही.' मग माझ्याकडे बघून म्हणाले, "उद्यापासून बंदुका आणायला आपले शिपाई गावात जातील. आणि मिस्त्री, माणूस काही सांगू पाहत असेल तर ते अंगठ्याच्या आधी ऐकायचं."

"होय साहेब."

ट्रक बंदुका घेऊन गेला. लिंबाजी आणि भागाबाई गाढव घेऊन वाडीकडे गेले. जाताना ती फरशीवरची ज्वारी वेचून पदरात घेऊन गेली. मी लिंबाजीची माफी मागितली नाही. त्या काळी आमच्या खात्यात तशी पद्धत नव्हती. मागायला हवी होती.

त्या वाडीला लायसन मिळालं, पण त्यात दोन पावसाळे गेले, आणि मिळालं ते एकाच बंदुकीचं, लिंबाजीच्या नावाने. मधल्या काळात लांडग्यांनी किती मेंढरं नेली, ते मी विचारलं नाही. तोवर माझी बदली परभणीला झाली होती. बंदूक परत द्यायच्या आदल्या दिवशी मी पितळी पट्टीवाली शोधून काढली, गंज घासला, तेल दिलं. गज सोडला. पार तळाला टेकला. दाखला लिहिला, 'तपासली. नळी रिकामी.' खाली सही केली.

मग मेसमधल्या आचाऱ्याकडून मूठभर ज्वारी मागून आणली. कशाला म्हणून त्याने विचारलं. मी म्हटलं, सरकारी काम आहे.

ते दोघंही आले. लिंबाजी खूप वाकला होता. भागाबाईने बाकीच्या सहांचं विचारलं. मी सांगितलं, त्या आता येणार नाहीत, त्यांचं लोखंड झालं. बंदूक तिने दोन्ही हातांनी घेतली, पदर पसरला आणि नळीचं तोंड खाली केलं. ज्वारी सुर्रकन पदरात आली. शेवटचा दाणा पडेपर्यंत ती तशीच उभी होती.

"सासरच्यांनी रीत पाळली म्हनायची," ती नवऱ्याला म्हणाली. डोळे पुसले आणि पदराला गाठ मारली. मी दाखला पुढे केला.

पुढे बरीच वर्षं नव्या आर्मोररना शिकवायचं काम माझ्याकडे होतं. त्यांना मी सांगायचो, गज वर राहिला तर 'आत काहीतरी आहे' एवढंच लिहा. काय आहे ते नळी मोकळी केल्यावर लिहा. आणि सातवीला पाणी दिल्याशिवाय स्क्रू घालू नका. दाखल्याची गोष्ट मात्र मी त्यांना कधी सांगितली नाही. तशी कागदाच्या हिशेबाने ती सही खरीच आहे. सही आधी केली होती, ज्वारी नंतर घातली.